सज्ञानांचा होकार

विशेष विवाह कायदा १ जानेवारी १९५५ रोजी अमलात आला, तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातले तेरखेडा हे गाव महाराष्ट्रात नव्हते. निजामाची राजवट सप्टेंबर १९४८ मध्ये संपली होती, पण हा जिल्हा अजून हैदराबाद राज्यातच होता. १९५६ मध्ये तो द्वैभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात. आज वाशी तालुक्यातले हे गाव फटाक्यांच्या कारखान्यांमुळे राज्यभर ओळखले जाते आणि जिल्ह्याचे नाव धाराशिव झाले आहे. राज्य बदलले, जिल्ह्याचे नाव बदलले. त्या कायद्याने दिलेली एक गोष्ट मात्र कायम राहिली. एकवीस वर्षे पूर्ण झालेला मुलगा आणि अठरा वर्षे पूर्ण झालेली मुलगी, जात कोणतीही असो, धर्म कोणताही असो, विवाह अधिकाऱ्यासमोर उभे राहून पतीपत्नी होऊ शकतात. तीन साक्षीदार लागतात, आईबापाची संमती लागत नाही. तरीही इतक्या वर्षांनंतर गावोगाव एक समज पक्का आहे, की घरच्यांच्या मर्जीविरुद्ध केलेले लग्न कायद्यापुढे काहीतरी कच्चे असते आणि बापाने ठाण्यात तक्रार दिली की ते मोडते. समज असणाऱ्यांना वाटते की पालकांची संमती ही विवाहाची जुनी, मूळ अट होती आणि अलीकडच्या न्यायालयांनी ती काढून टाकली. इतिहास वेगळेच सांगतो. पालकांची संमती ही आपल्याकडे बालविवाहाच्या सोबतीने नांदणारी गोष्ट होती. लग्न करणारी व्यक्ती अजाण आहे, म्हणून तिच्या वतीने दुसऱ्या कोणीतरी बोलायचे, एवढाच तिचा आधार होता. जसजसे लग्नाचे वय वाढत गेले, तसतशी ती संमती कायद्यातून गळत गेली. सज्ञान मुलीच्या लग्नाला बापाची परवानगी मागणे म्हणजे बालविवाहाच्या काळातला एक उरलेला हक्क आज वसूल करू पाहणे होय.

या इतिहासातले सर्वांत बोलके प्रकरण होकाराचे नाही, नकाराचे आहे. रखमाबाई १८६४ साली मुंबईत जन्मल्या. वडील जनार्दन पांडुरंग लवकर वारले. सुतार समाजात विधवाविवाहाला मुभा असल्याने आई जयंतीबाई यांनी डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी पुनर्विवाह केला. अकराव्या वर्षी रखमाबाईंचे लग्न दादाजी भिकाजी यांच्याशी लावून देण्यात आले, पण त्या नांदायला गेल्या नाहीत. सावत्र वडिलांच्या घरी राहून शिकत राहिल्या. १८८४ मध्ये दादाजींनी बायकोला नांदायला पाठवावे म्हणून मुंबई उच्च न्यायालयात दावा लावला. २१ सप्टेंबर १८८५ रोजी न्यायमूर्ती पिन्हे यांनी तो फेटाळला. अजाण वयात लग्न झालेल्या आणि आता मोठ्या झालेल्या स्त्रीला तिला नको असलेल्या माणसाकडे जबरदस्तीने धाडणे त्यांना रानटीपणाचे वाटले. निकालावर मोठे काहूर उठले. अपिलात १८८६ मध्ये तो फिरवला गेला आणि खटला परत सुनावणीला आला. ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी रखमाबाईंना एका महिन्यात नवऱ्याकडे जाण्याचा आदेश दिला. न गेल्यास सहा महिने तुरुंग. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. टिळकांनी दादाजींची बाजू घेतली, आगरकरांनी रखमाबाईंची. बेहरामजी मलबारी आणि एल्फिन्स्टन कॉलेजचे प्राचार्य वर्ड्सवर्थ यांच्यासारखी माणसे त्यांच्या बचावासाठी उभी राहिली. अखेर जुलै १८८८ मध्ये दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी हुकमाची बजावणी सोडून दिली. रखमाबाई इंग्लंडला गेल्या, लंडनच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयात शिकल्या, १८९४ मध्ये डॉक्टर होऊन परतल्या आणि सुरत व राजकोट इथे त्यांनी अनेक वर्षे रुग्णसेवा केली.

या खटल्यात कोणाचा शब्द मोजला गेला, हे नीट पाहिले पाहिजे. अकरा वर्षांच्या मुलीच्या वतीने मोठ्यांनी दिलेला होकार कायद्याने पूर्ण आणि कायमचा मानला. वीस वर्षांच्या शिकलेल्या स्त्रीने स्वतःच्या तोंडाने, स्वतःच्या सहीने दिलेला नकार मात्र कायद्याच्या खिजगणतीत नव्हता. पालकांच्या संमतीचा खरा अर्थ त्या काळी हाच होता: लग्न करणाऱ्याची संमती विचारण्याजोगी नसते, म्हणून पालकांची घ्यायची. आणि त्या काळातही ती संमती विवाहाचा प्राण नव्हती. त्याच सुमारास, १८८६ मध्ये, खुशालचंद विरुद्ध बाई मणी या खटल्यात वडिलांच्या संमतीविना आईने लावून दिलेला मुलीचा विवाह मुंबई उच्च न्यायालयाने वैध ठरवला. विधी यथासांग झाले असतील तर केवळ वडिलांची परवानगी नव्हती एवढ्यावरून लग्न रद्द होत नाही, हे तत्त्व हिंदू कायद्यात तेव्हापासून प्रस्थापित आहे. परंपरेचा दाखला देणाऱ्यांनी स्मृतीही उघडून पाहावी. मनुस्मृतीच्या नवव्या अध्यायात ऋतुमती झालेल्या मुलीने तीन वर्षे वाट पाहावी आणि त्यानंतर आपला वर आपण निवडावा, असे सांगितले आहे. ज्या ग्रंथाने स्त्रीला स्वातंत्र्य नाकारले, त्यानेही बापाचा अधिकार असा मुदतीने बांधून ठेवला. आठ विवाहप्रकारांत गांधर्वविवाह आहेच. स्मृतीच्या आधारे आजचा कायदा ठरवावा असे मला मुळीच वाटत नाही. पण परस्परांच्या निवडीने होणारे लग्न ही पश्चिमेकडून आलेली गोष्ट आहे, हा दावा परंपरेच्या नावाने तरी टिकत नाही.

जातीधर्माच्या बाहेर लग्न करणाऱ्यांसाठी ब्रिटिश हिंदुस्थानात पहिला रस्ता १८७२ च्या विशेष विवाह कायद्याने उघडला; ब्राह्मो समाजाच्या मागणीतून तो आला होता. रस्ता अरुंद होता. आपण हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती, पारशी, ज्यू, बौद्ध, शीख किंवा जैन धर्म मानत नाही, असे दोघांनाही लिहून द्यावे लागे. म्हणजे जोडीदार निवडायचा तर आधी धर्म सोडल्याची कबुली द्यायची. वधू किंवा वराचे वय एकवीसच्या आत असेल तर बापाची किंवा पालकाची संमती लागे. मात्र वधू विधवा असेल तर लागत नसे. एकदा बापाच्या घरून निघालेली बाई पुन्हा बापाच्या परवानगीखाली येत नाही, हे त्या कायद्यानेही मानले होते. १९२३ मध्ये हरिसिंग गौर यांच्या प्रयत्नांनी दुरुस्ती झाली आणि हिंदू, बौद्ध, शीख, जैन यांना धर्म न नाकारता या कायद्याखाली आपसांत लग्न करण्याची मुभा मिळाली. तिच्यासोबत आलेले एक कलम आज वाचताना थक्क व्हायला होते. या कायद्याखाली लग्न करणाऱ्या मुलाच्या वडिलांना दुसरा मुलगा हयात नसेल, तर त्यांना दत्तक घेण्याचा अधिकार देण्यात आला. मुलगा जिवंत, सुखरूप, लग्न करून संसाराला लागलेला, आणि कायदा बापाला सांगतो की हा गेला असे समजा, दुसरा आणा. पालकांची नाराजी कायद्याला अशी किंमत देऊन मिटवावी लागली. पण देवघेव कशाची झाली ते पाहावे. दत्तकाचा हक्क बापाला मिळाला. एकवीस पूर्ण केलेल्या मुलाचे लग्न रोखण्याचा हक्क तेव्हाही मिळाला नाही. त्याच वर्षी दिवाणी संहितेत दुरुस्ती होऊन नांदायला न जाणाऱ्या बायकोला तुरुंगात टाकण्याची तरतूदही गेली. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली, त्याला तेव्हा छत्तीस वर्षे झाली होती.

बापाच्या आड उभी असलेली मोठी शक्ती जात होती. मुंबई उच्च न्यायालयाने १९१२ मध्ये ब्राह्मण स्त्री आणि शूद्र पुरुष यांचे लग्न प्रतिलोम म्हणून अवैध ठरवले; १९२२ मध्ये वैश्य पुरुष आणि शूद्र स्त्री यांचे अनुलोम लग्न वैध ठरवले. पुरुष वरच्या वर्णाचा तर चालेल, स्त्री वरच्या वर्णाची तर चालणार नाही, अशी ही तराजू होती. विठ्ठलभाई पटेल यांनी १९१८ मध्ये आंतरजातीय हिंदू विवाह वैध ठरवणारे विधेयक मांडले, तेव्हा राजर्षी शाहू महाराजांनी त्याला पाठिंबा दिला आणि ब्रिटिश मुलखात कायदा होण्याची वाट न पाहता १९१९ मध्ये कोल्हापूर संस्थानात आंतरजातीय आणि आंतरधर्मीय विवाहांना मान्यता देणारा कायदा केला. १९३६ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी जातिनिर्मूलनावरच्या आपल्या न झालेल्या भाषणात स्पष्ट मांडले की सहभोजने पुरेशी नाहीत, जात मोडण्याचा खरा उपाय आंतरजातीय विवाह हाच आहे. १५ एप्रिल १९४८ रोजी दिल्लीत त्यांनी डॉ. शारदा कबीर यांच्याशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. हिंदू संहिता विधेयक मात्र त्यांच्या हातून पार पडले नाही. ते रखडल्यावर सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. पुढे त्या विधेयकाचे तुकडे होऊन जे कायदे आले, त्यांपैकी एक म्हणजे १९५५ चा हिंदू विवाह कायदा.

तेरखेड्यातल्या बहुसंख्य लग्नांना आज हाच कायदा लागू आहे, म्हणून त्यातला पालकांचा इतिहास महत्त्वाचा. १९५५ मध्ये वधूचे किमान वय पंधरा आणि वराचे अठरा होते. वधू पंधरा ते अठराच्या दरम्यान असेल तर पालकाची संमती हवी, अशी अट होती आणि हा पालक कोण हेही क्रमाने दिले होते: आधी वडील, मग आई, मग आजोबा, आजी, भाऊ, असे उतरत जाणारे. ही यादी अठराव्या वर्षी संपत होती. अठरा पूर्ण केलेल्या मुलीसाठी कोणाचीच संमती कायद्याने मागितली नव्हती. १९७८ मध्ये लग्नाचे किमान वय मुलीसाठी अठरा आणि मुलासाठी एकवीस झाले, त्याच दुरुस्तीने पालकांच्या संमतीची अट आणि ती यादी पूर्णपणे वगळली गेली. वय वाढवणे आणि पालकांचा अधिकार काढणे या दोन गोष्टी एकाच कायद्यात झाल्या. वधू अजाण राहिलीच नाही, तेव्हा तिच्या वतीने बोलणाऱ्याची गरजही उरली नाही. म्हणून प्रेमविवाहाला आईवडिलांची संमती सक्तीची करावी, असे आज जे म्हणतात (२०२३ मध्ये गुजरातच्या मुख्यमंत्र्यांनीही राज्यघटनेत बसत असेल तर तसा अभ्यास करू असे जाहीरपणे सांगितले होते), ते नवी सुधारणा सुचवत नाहीत. १९७८ पूर्वीच्या मुलीला लागणारी अट ते आजच्या बाईला लावू पाहतात.

या मागणीमागची काळजी खोटी नाही आणि तिला उत्तर दिले पाहिजे. पहिला आक्षेप असा की अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलीला जग कळत नाही, फसवणूक होते, आणि शेवटी ती माहेरी परतते तेव्हा निस्तरायचे आईबापांनाच लागते. फसवणूक होते, हे खरे. पण ती सोयरीक जमवून केलेल्या लग्नात होत नाही का? मुलाचे आजारपण, व्यसन, आधीचे लग्न, कर्ज लपवून जमवलेली स्थळे आपल्या समाजाला ठाऊक आहेत. कायदा दोन्हीकडे एकच उपाय देतो: कपट किंवा बळजबरीने मिळवलेली संमती असेल तर लग्न रद्द करून घेता येते. शिवाय अठराव्या वर्षी हीच मुलगी मत देते, जमीन विकत घेते, करारावर सही करते, गुन्हा केला तर प्रौढ म्हणून शिक्षा भोगते. सगळीकडे शहाणी आणि फक्त जोडीदाराच्या बाबतीत अजाण, हे कोणत्या न्यायात बसते? आईबापाचा अनुभव मोलाचा आहे आणि सल्ला देण्याचा, समजावण्याचा, नाराज होण्याचा त्यांचा हक्क कायद्याने कधीच काढलेला नाही. कायदा फक्त त्या सल्ल्याला हुकमाचे बळ देत नाही.

दुसरा आक्षेप कुटुंबाचा आहे. आम्ही वाढवले, शिकवले, आणि आमचे काहीच चालणार नाही? इथे कायदा पालकांना बरेच काही देतो. २००६ मध्ये लता सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मुलामुलीचे लग्न पसंत नसेल तर पालक फार तर त्यांच्याशी संबंध तोडू शकतात. धमकी, मारहाण, छळ करू शकत नाहीत. स्वतः कमावलेली मिळकत कोणाला द्यायची हे बापाच्याच हाती असते. कोणावर प्रेम करावे, कोणाला घरात घ्यावे याची सक्ती कायदा करत नाही. तो एवढेच म्हणतो की तुमचा राग तुमच्या उंबरठ्याच्या आत राहू द्या. तो उंबरठ्याबाहेर पडला की काय होते, हे महाराष्ट्राने पाहिले आहे. २०१३ मध्ये नाशिकला आंतरजातीय लग्न केलेल्या गर्भवती मुलीचा बापानेच खून केला. त्यानंतर जात पंचायतींच्या जाचाविरुद्ध महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने मोहीम उघडली आणि त्या रेट्यातून २०१६ चा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा आला. तो २०१७ पासून लागू आहे आणि त्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा आहेत. हा कायदा बापाचेही रक्षण करतो, हे फारसे बोलले जात नाही. अनेक ठिकाणी बाप स्वतः मऊ पडलेला असतो, पण भावकी काय म्हणेल, धाकट्या मुलीला स्थळ कसे येईल, या धास्तीने कठोर होतो. बहिष्काराची भीती गेली, तर पुष्कळ बाप लेकीशी पुन्हा बोलू लागतील.

हक्क एवढा स्पष्ट असताना तो गावात दुबळा का पडतो? कारण पालकांची संमती कायद्याच्या मजकुरातून गेली, पण कामकाजाच्या दोन वाटांनी ती परत आत येते. पहिली वाट नोटिशीची. तेरखेड्यातले दोन वेगळ्या धर्मांचे तरुण लग्न करायचे ठरवतात, तेव्हा त्यांना जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे लेखी नोटीस द्यावी लागते. दोघांपैकी एकाचे तरी त्या जिल्ह्यात तीस दिवसांचे वास्तव्य हवे. नोटीस कार्यालयात दर्शनी जागी लावली जाते आणि तीस दिवस कोणीही हरकत घेऊ शकतो. कायद्यात हरकतीची कारणे मोजकी आहेत: आधीचा जोडीदार हयात आहे का, वय पूर्ण आहे का, मन सुदृढ आहे का, निषिद्ध नाते आहे का. बापाची नापसंती हे त्यातले कारण नाही. पण हरकत फेटाळली जाण्याआधी नाव, वय, पत्ता गावात पोहोचलेला असतो, आणि तीस दिवस घरच्यांना पुरेसे असतात. दोघे हिंदू असतील, मग जात कोणतीही असो, तर आळंदीला जाऊन सप्तपदी घालून त्याच दिवशी लग्न होते. नोटीस नाही, महिना नाही. दुहेरी लग्न रोखायला नोटीस हवी, असे समर्थन केले जाते. दुहेरी लग्नाचा धोका आळंदीतही तेवढाच आहे, आणि तो कागदपत्रे व शपथपत्र तपासून रोखता येतो. मग बोर्डावर नाव लावण्याची शिक्षा एकाच प्रकारच्या जोडप्याला का? १२ जानेवारी २०२१ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने जोडप्याची इच्छा नसेल तर नोटीस प्रसिद्ध करू नये, असा निकाल दिला. तो महाराष्ट्रावर बंधनकारक नाही, पण त्यातला विचार कायद्यात यायला हवा.

दुसरी वाट पोलीस ठाण्याची. मुलगी घरातून गेली की बाप बेपत्ता झाल्याची तक्रार देतो. मुलगी सज्ञान आहे, लग्न झाले आहे आणि ती आपल्या मर्जीने गेली आहे, असा तिचा जबाब झाला की प्रकरण मिटायला हवे. प्रत्यक्षात ठाण्यात नातेवाइकांची गर्दी जमते, मुलीला सगळ्यांसमोर बसवले जाते आणि तिच्या तोंडून घरी जाते असे वदवून घेण्याचा प्रयत्न होतो. बेळगाव जिल्ह्यातल्या मुरगोड ठाण्यात ऑक्टोबर २०२० मध्ये एका वडिलांनी अशीच तक्रार दिली. मुलगी आणि मुलगा दोघे उच्चशिक्षित, नोकरी करणारे, लग्न झालेले. लग्नाचा कागद पाठवला तरी तपास अधिकारी मुलीने ठाण्यातच येऊन जबाब द्यावा, यावर अडून बसला. ८ फेब्रुवारी २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती तक्रार रद्द केली, तपास अधिकाऱ्याला समुपदेशनाची गरज असल्याचे सांगितले आणि अशी प्रकरणे हाताळण्यासाठी पोलिसांना मार्गदर्शन व प्रशिक्षण द्यावे, असा आदेश दिला. त्या निकालात आंबेडकरांच्या १९३६ च्या त्याच विचाराचा आधार घेतला आहे. त्याआधी २७ मार्च २०१८ रोजी शक्ती वाहिनी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दोन सज्ञानांनी एकमेकांना निवडल्यावर कुटुंबाची, समाजाची, कुळाची संमती लागत नाही असे सांगून प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि सुरक्षित निवारा उभा करण्याचे निर्देश दिले. महाराष्ट्र सरकारने डिसेंबर २०२४ मध्ये तशा सूचना काढल्या.

निर्देश निघणे आणि ते ठाण्यातल्या ड्युटीवरच्या हवालदारापर्यंत पोहोचणे यात मोठे अंतर असते, आणि या हक्काची पुढची लढाई त्याच अंतरात आहे. ती जिंकायला नव्या घोषणांची गरज नाही. बेपत्ता तक्रारीत सज्ञान मुलीचा जबाब नातेवाइकांपासून वेगळे बसवून, तिला सोयीच्या जागी, महिला अधिकाऱ्यासमोर नोंदवावा. विवाह नोटिशीत घरचा पत्ता जाहीर करणे थांबवावे. जिल्ह्याच्या विशेष कक्षाचा क्रमांक प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावा, म्हणजे तो क्रमांक मुलीला लागेल तसा घाबरलेल्या बापालाही लागेल. आणि शाळा-महाविद्यालयांत मुलामुलींना एवढे तरी शिकवावे की अठराव्या आणि एकविसाव्या वर्षी त्यांचा होकार कायद्याने पुरेसा होतो, आणि नकारही तेवढाच पुरेसा असतो. रखमाबाईंना त्यांचा नकार पैसे मोजून सोडवून घ्यावा लागला. आजच्या मुलीचा होकार तिला लपूनछपून, पळून जाऊन वाचवावा लागू नये, एवढी जबाबदारी ज्या राज्याने हा हक्क कागदावर दिला त्याच राज्याची आहे.